बेळगाव सीमाभागातून चित्रपटाच्या कला विभागात आणि पुढे निर्मितीत: नव्या मंडळींसाठी मार्गदर्शक

बेळगाव, खानापूर, निपाणी, चिकोडी या पट्ट्यातील चित्रकलेची किंवा नाटकाची गोडी असलेली मुले-मुली चित्रपटाकडे वळू पाहतात, तेव्हा त्यांना बहुधा अभिनय आणि दिग्दर्शन या दोनच वाटा दिसतात. हा लेख तिसऱ्या वाटेविषयी आहे. कला विभागात सहायक म्हणून शिरायचे, पुढे प्रॉडक्शन डिझायनर व्हायचे आणि हिशेब अंगवळणी पडल्यावर स्वतः निर्मिती करायची, अशी ती वाट आहे. मी स्वतः याच क्रमाने गेलो आहे आणि आपल्या भागातील मुलांसाठी हाच क्रम सोयीचा आहे, असे माझे मत आहे. कला विभागात वस्तूगणिक किंमत, वेळ आणि मिळण्याचे ठिकाण पाठ करावे लागते, आणि निर्मात्याला पुढे नेमके तेच ज्ञान कामी येते.

ही वाट आपल्या मुलखाला नवी नाही. निपाणीहून कोल्हापूरला जाताना जे कागल लागते, तिथले एस. फत्तेलाल हे प्रभात फिल्म कंपनीचे कला दिग्दर्शक होते आणि १ जून १९२९ रोजी कोल्हापुरात स्थापन झालेल्या त्या कंपनीचे एक मालकही होते. त्यांचे गुरू बाबूराव पेंटर नाटकांचे पडदे रंगवता रंगवता चित्रपटात आले आणि त्यांनी महाराष्ट्र फिल्म कंपनी उभी केली. रंगाचा कुंचला आणि जमाखर्चाची वही एकाच माणसाच्या हाती असणे ही आपल्याकडे शंभर वर्षांपूर्वीची रीत आहे.

१. कोण काय करते, हे आधी समजून घ्या

पडद्यावर नटांच्या भोवती जे जे दिसते, त्या सर्वांचा एकत्रित विचार प्रॉडक्शन डिझायनर करतो. घर, गल्ली, दुकानाच्या पाट्या, भांडी, भिंतीचे रंग हे सारे त्यात येते आणि वेशभूषेशी व प्रकाशयोजनेशी त्यांचा मेळ घालणेही येते. अमेरिकेत हे श्रेय १९३९ साली विल्यम कॅमेरॉन मेन्झीस यांना प्रथम दिले गेले. आपल्याकडील लहान मराठी चित्रपटांत हेच काम अजूनही बहुधा ‘कला दिग्दर्शक’ या श्रेयाखाली होते. मोठ्या चित्रपटात मात्र डिझायनर संकल्पना ठरवतो, कला दिग्दर्शक ती उभी करून घेतो, त्यांच्या हाताखाली सहायक असतात, सामान मांडणारा सेट डेकोरेटर असतो, वस्तू सांभाळणारा प्रॉपर्टी मास्टर असतो आणि सर्वांत शेवटी, पण ज्यांच्यावाचून काहीच उभे राहत नाही अशी, सुतार, रंगारी, मोल्डर (साचे काढून वस्तू घडवणारा) आणि वेल्डर ही सेटिंगची माणसे असतात.

निर्मात्याचे काम याहून वेगळे आहे. पैसा, हक्क, करार, परवानग्या आणि वेळापत्रक यांची जबाबदारी त्याची असते, आणि रोजची अंमलबजावणी कार्यकारी निर्माता किंवा लाइन प्रोड्यूसर पाहतो.

इथे नव्या मुलांची एक हमखास फसगत होते. ‘प्रॉडक्शनमध्ये माणूस हवा आहे’ असा निरोप आला की कला विभागात काम मिळाले, असे समजून ती निघतात आणि तिथे गेल्यावर गाड्या लावणे, चहा-जेवण पाहणे आणि हॉटेलच्या खोल्या वाटणे हे काम हाती पडते. ते काम हलके नाही आणि पुढे निर्माता व्हायचे असेल तर एखाद्या चित्रपटापुरते ते जरूर करावे, पण निघण्यापूर्वी फोनवरच विचारावे, की काम व्यवस्थेचे आहे की कला विभागाचे.

२. शिक्षणाचे थोडक्यात

पदवी नसलेले उत्तम कला दिग्दर्शक होऊन गेले आहेत, तरी आज पदवी असलेली बरी. पुण्याच्या फिल्म अँड टेलिव्हिजन इन्स्टिट्यूटमध्ये, म्हणजे पुढे पुण्याला हललेल्या प्रभातच्या जुन्या जागेत १९६० साली सुरू झालेल्या संस्थेत, कला दिग्दर्शन आणि प्रॉडक्शन डिझाइनचा पदव्युत्तर अभ्यासक्रम आहे. त्यासाठी चित्र, शिल्प, उपयोजित कला, वास्तुकला किंवा अंतर्गत सजावट अशा विषयातील पदवी मागितली जात आली आहे, म्हणून बारावीनंतरच विषय विचारपूर्वक निवडावा आणि त्या वर्षीची प्रवेशाची जाहिरात मुळातून वाचावी. निर्मितीचा स्वतंत्र अभ्यासक्रम कोलकात्याच्या सत्यजित राय फिल्म अँड टेलिव्हिजन इन्स्टिट्यूटमध्ये आहे. पदवीसाठी कोल्हापूरचे कलानिकेतन किंवा दळवीज आर्ट्स इन्स्टिट्यूट, मुंबईचे सर ज. जी. कला महाविद्यालय, आणि कर्नाटकात राहायचे असल्यास म्हैसूरची चामराजेंद्र दृश्यकला अकादमी, असे पर्याय आहेत.

महाराष्ट्रातील व्यावसायिक अभ्यासक्रमांच्या प्रवेशप्रक्रियेत वादग्रस्त सीमाभागातील मराठी मातृभाषा असलेल्या उमेदवारांसाठी स्वतंत्र प्रकार आहे, हे आपल्याकडच्या अनेक पालकांना ठाऊक नसते. त्यासाठी रहिवासाचा आणि मातृभाषेचा असे दाखले विहित नमुन्यात लागतात. दाखल्याचा नमुना माहितीपुस्तिकेतूनच छापून घ्यावा, कारण साध्या कागदावर लिहून आणलेला दाखला ऐनवेळी नाकारला जाऊ शकतो.

३. हात घराजवळच तयार करा

मुंबईला जाण्याची घाई करू नका. बेळगावच्या शिवजयंतीच्या मिरवणुकीत जे चित्ररथ निघतात, त्यांत सेटच्या कामाची सगळी मुळाक्षरे आहेत. ठरलेल्या दिवशी काम पुरे झालेच पाहिजे, खर्च मंडळाच्या वर्गणीत बसला पाहिजे, ट्रॉलीवर उभा केलेला बुरूज गल्लीच्या वळणावर हलता कामा नये आणि रात्रीच्या दिव्यांत रंग खरा वाटला पाहिजे. गणेशोत्सवातील हलते देखावे आणि हौशी नाट्यसंस्थांचे नेपथ्य यांचेही तेच. अशा दोन-तीन कामांत नुसते कागदावर चित्र काढून न थांबता करवत, ब्रश आणि वेल्डिंग यांच्याजवळ उभे राहा.

उद्यमबागेतील कारखान्यांत लोखंडी सांगाडे कसे जोडतात हे पाहून ठेवा. खानापूरला खादी ग्रामोद्योग आयोगाची केंद्रीय कुंभारकाम संस्था आहे आणि कौलांचा व मातीकामाचा जुना व्यवसाय आहे. वडगाव, खासबाग, शहापूर या भागांत विणकर आहेत, तर अथणी-निपाणीकडे चपला बनवणारे कारागीर आहेत. कोल्हापुरी चपलेला २०१९ साली मिळालेल्या भौगोलिक मानांकनात बेळगाव जिल्ह्याचाही समावेश आहे. या सर्वांची नावे, कामाचा प्रकार, साधारण दर आणि काम पूर्ण करून द्यायला लागणारे दिवस एका वहीत लिहून ठेवा. बाहेरून आलेल्या चित्रपटाला तुम्ही हवेसे वाटता ते प्रथम या वहीमुळे, तुमची चित्रकला नंतर पाहिली जाते.

कामाचा संग्रह तयार करताना प्रत्येक कामाची चार टप्प्यांची छायाचित्रे ठेवा: मूळ जागा, रेखाटन किंवा मॉडेल, अर्धवट उभे काम आणि पूर्ण झालेले काम. नुसते शेवटचे सुंदर छायाचित्र दाखवले, तर त्यात तुमचा वाटा किती होता हे समोरच्याला कळत नाही. चित्रपटाच्या सेटची छायाचित्रे मात्र प्रदर्शनापूर्वी लेखी परवानगीशिवाय कुठेही टाकू नयेत. या एका कारणाने सहायकांना घरी पाठवल्याची उदाहरणे आहेत.

४. हत्यारे

पहिल्या वर्षाला फारसे काही लागत नाही. ३० मीटरची आणि ५ मीटरची अशा दोन टेप, ओळंबा, रंगांची छटापत्रिका, कटर, जाड कार्डबोर्ड, लेखी नोंदींची वही आणि बरा कॅमेरा असलेला फोन एवढे पुरे. संगणकावर स्केचअप आणि फोटोशॉप यांचा सराव करावा, आणि पैसे नसतील तर ब्लेंडर फुकट मिळते. सेटिंगची माणसे अजून फूट-इंचांत बोलतात, म्हणून आराखडा ‘पाव इंच म्हणजे एक फूट’ या प्रमाणात काढण्याची सवय ठेवा. वास्तुकलेच्या मुलांनी मिलिमीटरमधील नकाशा सुताराच्या हाती दिला, की पहिला अर्धा दिवस आकडेमोडीत जातो.

लेन्सचे गणितही थोडे यायला हवे. सुपर ३५ या सिने-कॅमेऱ्यांतील प्रचलित आकाराच्या सेन्सरवर ३५ मिलिमीटरची लेन्स लावली आणि कॅमेरा १० फुटांवर ठेवला, तर साधारण ७ फूट रुंदी दिसते, तर ५० मिलिमीटरच्या लेन्समधून ५ फूटच दिसते. म्हणूनच खऱ्या १० बाय १० च्या खोलीत चित्रीकरण अवघड जाते आणि सेटवरची खोली मोठी करून तिची एखादी भिंत काढता येण्याजोगी ठेवावी लागते. कोणती भिंत दिसणारच नाही, हे छायाचित्रणकाराला आधी विचारले, तर तेवढे प्लायवुड आणि रंग वाचतो.

५. पटकथेची फोड करा

या कामाचा खरा गाभा इथे आहे, म्हणून थोडे सविस्तर लिहितो. पटकथा हाती आली की ती एकदा वाचक म्हणून वाचा आणि दुसऱ्यांदा रंगीत पेन्सिली घेऊन वाचा. प्रत्येक दृश्यासाठी चार याद्या करायच्या: बांधायचे काय, मांडायचे काय, नट हातात काय घेणार, आणि दर टेकला, म्हणजे दृश्य चित्रित करण्याच्या प्रत्येक खेपेला, संपणारे काय.

समजा दृश्य असे आहे: १९७१ साल, निपाणीतील एका घराची ओसरी, संध्याकाळ, एक बाई विड्या वळता वळता मुलीशी बोलते. पटकथेत ही एकच ओळ असते, पण यादी लांबते. बांधायचे काय, तर बहुधा काहीच नाही, कारण अशी ओसरी सापडू शकते, फक्त तिच्यावरचा डिश अँटेना आणि नवा विजेचा मीटर झाकावा लागेल. मांडायच्या वस्तूंत कंदील किंवा पिवळा बल्ब, पितळी तांब्या, गोणपाट, देवाची तसबीर आणि त्या वर्षीचे कॅलेंडर येईल. हातातील वस्तूंत मांडीवरचे सूप, कात्री, पान कापायचा पत्र्याचा साचा आणि दोऱ्याची गुंडी. संपणाऱ्या वस्तू म्हणजे टेंभुर्णीची पाने आणि तंबाखू.

शेवटच्या यादीत नवखा सहायक चुकतो. एका टेकमध्ये एक विडी वळली जाते असे धरा. कॅमेऱ्याच्या तीन जागा, प्रत्येकी सहा टेक, म्हणजे १८ पाने झाली, त्यात तालमीची आणि फाटण्याची भर घातली तर ४० पाने तरी हाताशी हवीत. ती ओलसर हवीत, कारण दिव्यांच्या उष्णतेत पाने सुकून कडक होतात आणि वळताना तुटतात, म्हणून ओल्या फडक्यात गुंडाळून बादलीच्या आडोशाला ठेवावी लागतात. नटीला विडी वळायला शिकवणारी बाई दोन दिवस आधी बोलवायला हवी, तिचे मानधन याच यादीत धरायला हवे, आणि तिचेच हात जवळच्या दृश्यात वापरायचे ठरले तर बांगड्या सारख्या असायला हव्यात. सूपात किती विड्या साठल्या होत्या याचे छायाचित्र प्रत्येक टेकनंतर काढायचे, नाहीतर संकलनात विड्या वाढतात, कमी होतात आणि पुन्हा वाढतात.

याच दृश्यात कायद्याचाही भाग आहे. तंबाखूची उत्पादने दिसणाऱ्या चित्रपटात सुरुवातीला आणि मध्यंतरानंतर किमान ३० सेकंदांचे आरोग्यसंदेश, किमान २० सेकंदांचे दृकश्राव्य निवेदन आणि त्या दृश्यात पडद्यावर इशारा द्यावा लागतो. ब्रँडचे नाव दाखवता येत नाही. म्हणजे बंडलांवरची लेबले आणि भिंतीवरचा कारखान्याचा पत्रा दोन्ही काल्पनिक छापून घ्यावे लागतात, आणि ती छपाई याच यादीत लिहावी लागते.

फोड पूर्ण झाली की प्रत्येक वस्तूपुढे ‘विकत, भाड्याने, बनवून, उसने’ यांपैकी एक शब्द आणि रक्कम लिहा. बेरजेवर दहा टक्के अनपेक्षित खर्चासाठी धरा. ही वही म्हणजेच तुमचे पहिले अंदाजपत्रक आहे, आणि पुढे निर्माता म्हणून तुम्ही जे करणार आहात त्याची ही तालीमच आहे.

६. काळ आणि मुलूख यांचे भान

सीमाभागावरील जुन्या काळाचा चित्रपट करताना पाट्या आणि कागद यांत सर्वाधिक घोटाळे होतात. १ नोव्हेंबर १९५६ पूर्वी बेळगाव मुंबई राज्यात होते, त्यानंतर म्हैसूर राज्यात आले, १ नोव्हेंबर १९७३ रोजी त्या राज्याचे नाव कर्नाटक झाले, आणि शहराचे अधिकृत नाव १ नोव्हेंबर २०१४ पासून बेळगावी झाले. तेव्हा १९६५ सालच्या सरकारी कचेरीवर ‘कर्नाटक सरकार’ अशी पाटी दिसली, तर आपल्याकडचा प्रेक्षक चित्रपटगृहातच बोट दाखवतो. १ एप्रिल १९५७ पासून दशमान नाणी आली, त्यामुळे त्याआधीच्या किराणा दुकानाच्या दरफलकावर आणे-पैच हवेत. पत्रावर पिन कोड १५ ऑगस्ट १९७२ नंतरच येतो. केए-२२ अशा धर्तीचे वाहनक्रमांक १९८९ नंतरचे आहेत. रेल्वे दाखवायची असल्यास १९९० च्या दशकापर्यंत इथला मार्ग मीटरगेज होता, हे लक्षात ठेवून आजचे रूळ चौकटीबाहेर ठेवा. यासाठी जुने लग्नसमारंभांचे अल्बम, शाळांची स्मरणिका आणि ‘तरुण भारत’चे जुने अंक पुस्तकांहून अधिक उपयोगी पडतात, कारण त्यांत लोकांनी मुद्दाम न दाखवलेल्या गोष्टीही दिसतात.

मुलखाचेही तसेच आहे. जिल्ह्याच्या पश्चिमेला, खानापूर-जांबोटी-कणकुंबीकडे, तांबडी माती, जांभ्या दगडाच्या भिंती आणि उतरती कौलारू छपरे आहेत. पूर्वेला, अथणी-गोकाककडे, काळी माती आणि सपाट माळवदे आहेत. दोन तासांच्या अंतरात दोन वेगळे मुलूख मिळतात, ही निर्मात्याला सांगण्याजोगी जमेची बाजू आहे, पण एकाच गावातील दृश्ये दोन्हीकडे चित्रित केली तर मातीच चुगली करते. जांबोटी-कणकुंबीकडे पावसाळ्यात सेट बांधण्याचा विचारही करू नये. हिरवा रंग हवा असेल तर पाऊस ओसरल्यावर लगेच, म्हणजे ऑक्टोबरात, जावे.

जुनेपणा आणताना संपूर्ण भिंत सारखी मळवू नका. हात लागतो तिथे, म्हणजे चौकटीच्या कडेला कमरेच्या उंचीवर, भिंत काळपट आणि गुळगुळीत होते. चुलीच्या वर धूर एका बाजूला झुकलेला असतो, कारण वारा दाराकडून येतो, आणि पावसाचा ओघळ कौलाच्या पन्हळीखालीच उतरतो. पातळ केलेली काव आणि काजळी यांवर भागते. महागडे रंग त्यासाठी आणू नयेत.

७. परवानग्या: कोणाकडे जायचे

कर्नाटकातील कोणत्याही कचेरीत अर्ज कन्नडमध्ये द्यावा आणि सोबत इंग्रजी प्रत जोडावी. भाषेच्या राजकारणाविषयी आपापली मते असोत, पण चित्रीकरणाच्या सकाळी टेबलावरच्या कारकुनाला अर्ज वाचता यावा, एवढीच आपली गरज असते. कन्नड बोलता-लिहिता येणारा मराठी सहायक या भागात सोन्याच्या मोलाचा आहे, आणि बेंगळुरूच्या चित्रपटांतही त्याला काम मिळते.

खासगी घरासाठी मालकाशी लेखी करार करा, पण त्याआधी मालक एकच आहे ना, हे उताऱ्यावरून तपासा. जुन्या वाड्यांत चार चुलतभावांची नावे असतात आणि सही न केलेला पाचवा माणूस चित्रीकरणाच्या दिवशी उगवतो. सार्वजनिक रस्त्यासाठी महापालिका किंवा ग्रामपंचायत आणि पोलीस अशी दुहेरी परवानगी लागते, त्यात शहरात पोलीस आयुक्तालय आणि शहराबाहेर जिल्हा पोलीस असा फरक आहे. कॅम्प भागात छावणी मंडळाकडे जावे लागते. हलशीच्या मंदिरांसारख्या संरक्षित वास्तूंसाठी पुरातत्त्व खात्याची, भीमगड अभयारण्याच्या परिसरासाठी वनखात्याची, आणि स्थानकासाठी हुबळी येथे मुख्यालय असलेल्या दक्षिण पश्चिम रेल्वेची परवानगी लागते. बेळगावात मराठा लाइट इन्फंट्रीचे केंद्र आणि सांबरा विमानतळ असल्यामुळे ड्रोन उडवण्यापूर्वी डिजिटल स्काय या सरकारी पोर्टलवरील नकाशा पाहिल्याशिवाय पेटी उघडूसुद्धा नका.

तारखाही पाहा. १ नोव्हेंबरला कर्नाटकाचा राज्योत्सव आणि सीमाभागातील मराठी लोक निषेध म्हणून पाळतात तो काळा दिवस यांमुळे शहरात बंदोबस्त असतो. सुवर्ण विधानसौधात हिवाळी अधिवेशन असेल, तेव्हा पोलीस मोकळे नसतात आणि हॉटेलांत खोल्या मिळत नाहीत. खऱ्या रस्त्यावर लावलेल्या खोट्या पाट्या, कोणत्याही भाषेतील असोत, त्याच दिवशी संध्याकाळी उतरवाव्यात. एक रात्र राहिलेली पाटी दुसऱ्या दिवशी बातमी होऊ शकते.

नोटांचे बंडल दाखवायचे असल्यास खऱ्या नोटेसारखी नक्कल छापून घेऊ नये, कारण तो गुन्हा आहे. वरखाली खऱ्या नोटा आणि मध्ये कोरे कागद, ही जुनी रीत सर्वांत सुरक्षित आहे.

८. सीमा ओलांडणारे सामान

बेळगावात बनवलेला दरवाजा कोल्हापूरच्या चित्रनगरीत न्यायचा असो, की तिकडची भाड्याची प्रॉपर्टी, म्हणजे दृश्यात वापरायच्या वस्तू, खानापूरला आणायची असो, कोगनोळीच्या पुढे-मागे राज्य बदलते आणि कागद लागतात. ५०,००० रुपयांहून अधिक किमतीचा माल असल्यास ई-वे बिल, म्हणजे मालवाहतुकीचे ऑनलाइन बिल, काढावे लागते. विक्री नसली तरीही ते लागते, आणि जीएसटी नोंदणी नसलेल्या व्यक्तीलाही ते पोर्टलवर काढता येते. सोबत तीन प्रतींतील डिलिव्हरी चलन ठेवा आणि त्यावर वस्तू, संख्या, किंमत यांच्यासह ‘विक्रीसाठी नाही, चित्रीकरणासाठी तात्पुरते नेत आहोत, परत येणार’ असे स्पष्ट लिहा. ‘शूटिंगचे सामान’ एवढीच नोंद केली, तर तपासणीत गाडी बाजूला घेतली जाते आणि तिकडे सत्तर माणसे चहा पीत बसतात. टेम्पोला दुसऱ्या राज्यात जाण्याचा परवाना आहे का, हे भाडे ठरवतानाच विचारा.

९. पहिले काम आणि पैसे

पहिले काम बहुधा ओळखीतून, मालिकेवर किंवा लघुपटावर मिळते. कोल्हापूर परिसरात मालिकांचे चित्रीकरण होत असते आणि ते अंतर ११० किलोमीटरच्या आसपास आहे, म्हणून सुरुवात तिथे करावी. मुंबईत नियमित काम करायचे ठरले, तर सिने अँड टीव्ही आर्ट डायरेक्टर्स अँड कॉस्च्युम डिझायनर्स असोसिएशनच्या सदस्यत्वाची चौकशी करावी.

करार साध्या ईमेलवर असला तरी चालेल, पण त्यात तयारीचे, चित्रीकरणाचे आणि आवराआवरीचे दिवस वेगळे लिहिलेले असावेत. मानधनाचे हप्ते, प्रवास-मुक्काम आणि श्रेयनामावलीतील नाव यांचाही उल्लेख हवा. खरेदी स्वतःच्या पैशांनी किंवा ओळखीच्या दुकानात उधारीवर कधीही करू नका. निर्मिती संस्था निघून जाते आणि रविवार पेठेतील दुकानदाराला रोज तोंड तुम्हाला दाखवायचे असते. आगाऊ रक्कम घ्या, पावती ठेवा, आणि दर आठवड्याला हिशेब सादर करून पुढची रक्कम मागा.

१०. निर्मितीकडे वळताना

पहिल्याच स्वतःच्या निर्मितीत डिझायनर आणि निर्माता अशा दोन्ही खुर्च्यांवर बसू नये, असे मला ठामपणे वाटते. डिझायनर आणखी एक भिंत मागतो आणि निर्मात्याने तिला नाही म्हणायचे असते. एकाच माणसात हा वाद झाला की भिंत नेहमी जिंकते. नितीन चंद्रकांत देसाई यांनी कला दिग्दर्शनाचे चार राष्ट्रीय पुरस्कार मिळवले, चित्रपटनिर्मिती केली आणि २००५ साली कर्जतला स्टुडिओ उभारला. मात्र हे तीन स्वतंत्र धंदे आहेत आणि प्रत्येकाचे भांडवल निराळे लागते. सुरुवात दुसऱ्याच्या चित्रपटावर लाइन प्रोड्यूसर म्हणून करा, नंतर लघुपट करा आणि मग पूर्ण लांबीच्या चित्रपटाकडे या.

पूर्ण लांबीच्या चित्रपटासाठी पुढील कागद एका फाइलमध्ये हवेत:

- संस्थेची नोंदणी (भागीदारी, एलएलपी किंवा प्रायव्हेट लिमिटेड), पॅन, टॅन (करकपातीसाठीचा क्रमांक), स्वतंत्र बँक खाते आणि लागू असल्यास जीएसटी
- कथा-पटकथेच्या हक्कांचा लेखी करार
- चित्रपटाच्या नावाची नोंदणी, उदाहरणार्थ कोल्हापुरात मुख्यालय असलेल्या अखिल भारतीय मराठी चित्रपट महामंडळाकडे किंवा मुंबईतील निर्मात्यांच्या संघटनेकडे
- नट, तंत्रज्ञ, संगीत आणि जागा यांचे करार
- विमा, परवानग्या आणि सर्व पावत्या

हक्कांच्या कराराविषयी एक धोका सांगतो. कॉपीराइट कायद्यानुसार करारात मुदत लिहिली नसेल तर हक्क ५ वर्षांपुरते आणि प्रदेश लिहिला नसेल तर भारतापुरतेच धरले जातात. गावच्या लेखकाकडून आपुलकीने ‘कथा दिली’ असे एका ओळीत लिहून घेतलेल्या कागदावर पुढे परदेशात किंवा ओटीटीवर चित्रपट विकता येत नाही. लेखकालाही या व्यवहारात त्याचे स्वतःचे म्हणणे मांडू द्या आणि वकिलाचे शुल्क अंदाजपत्रकात धरा.

बालकलाकार असल्यास चित्रीकरण होणाऱ्या जिल्ह्याच्या जिल्हाधिकाऱ्यांची परवानगी घ्यावी लागते. मुलाला दिवसाला ५ तासांहून अधिक आणि विश्रांतीशिवाय ३ तासांहून अधिक काम देता येत नाही, आणि त्याच्या मानधनातील किमान २० टक्के रक्कम त्याच्या नावे मुदत ठेवीत जमा करावी लागते. बैल, घोडा, कुत्रा असे कोणतेही जनावर वापरायचे असल्यास भारतीय पशुकल्याण मंडळाची परवानगी चित्रीकरणाआधी घ्यावी लागते, त्यासाठी पशुवैद्यकाचा तंदुरुस्तीचा दाखलाही लागतो. ‘मागून दिसणारी बैलगाडीच तर आहे’ असे म्हणून पुढे गेलेले निर्माते चित्रपट प्रमाणनाच्या, म्हणजे सेन्सॉरच्या, वेळी अडकतात आणि दृश्य कापतात. प्रमाणपत्रासाठीचा अर्ज ई-सिनेप्रमाण या पोर्टलवर करायचा असतो. २०२४ च्या नियमांनंतर यूए, म्हणजे मुलांनी पालकांच्या मार्गदर्शनाखाली पाहायच्या, वर्गात ७, १३ आणि १६ वर्षे असे तीन पोटभाग आले आहेत, म्हणून आपला प्रेक्षक कोणता, हे पटकथेच्या वेळीच ठरवलेले बरे.

महाराष्ट्र शासनाच्या मराठी चित्रपट अनुदानाची रक्कम अंदाजपत्रकात जमेच्या बाजूला लिहू नका. पूर्ण झालेल्या आणि प्रमाणपत्र मिळालेल्या चित्रपटाचे परीक्षण होऊन मग ते मिळते किंवा मिळत नाही, आणि तोवर चित्रीकरणाची देणी थांबत नाहीत.

चित्रीकरण संपले की सेट मोडण्याचे दोन दिवस वेळापत्रकात ठेवा. भाड्याच्या वस्तू यादीप्रमाणे मोजून परत करा, प्लायवुड आणि बॅटन (लाकडी पट्ट्या) पुढील कामासाठी किंवा एखाद्या शाळेच्या रंगमंचासाठी द्या, आणि घराची भिंत मूळ रंगात रंगवून मालकाला दाखवा. अनामत परत घेताना ‘नुकसान नाही’ अशी मालकाची सही असलेली पोच घेऊन जागेच्या कराराला जोडा, कारण चित्रपट झळकल्यावर भरपाईची मागणी आली तर वकील पहिला कागद तोच मागतो.